एका माणसाचा दिवस शूट करायचाय? आधी दोन दिवस कॅमेरा घरी ठेवा

नाशकातली पोरं-पोरी मला त्यांच्या छोट्या डॉक्युमेंट्री बघायला पाठवतात आणि खरं सांगू, बहुतेक सगळ्या सेम टू सेम असतात. रामकुंडावरचा सूर्योदय, वरून ड्रोन, मागे बासरी, मग काका खुर्चीत बसून "मी लहानपणापासून हेच काम करतोय" म्हणतात, मधेमधे त्यांचे हात स्लो मोशनमध्ये, शेवटी काका कॅमेऱ्याकडे बघून हसतात, संपलं. पण काका गिऱ्हाईक नसलं की काय करतात, कोणावर खेकसतात, जेवणाचा डबा कोण आणतं, यातलं काहीच कळत नाही. ही मुलाखत झाली, वरून फुलं वाहिलेली.

आपण बोलतोय ते वेगळं. माणूस त्याचा दिवस जगतोय, तुम्ही कोपऱ्यात आहात, आणि बघणाऱ्याला नुसतं बघून समजतंय. निवेदन नाही, प्रश्न नाहीत, "काका परत एकदा करा ना" तर अजिबात नाही. ऐकायला सोपं वाटतं, पण लोक नेमके तयारीत आणि क्रमात चुकतात म्हणून हे सगळं सविस्तर लिहितेय. उदाहरण माझ्याच फिल्मचं घेते, पंचवटीतल्या एका गल्लीतली पिठाची गिरणी, सहा मिनिटं. ती दुसऱ्या प्रयत्नात झाली, पहिला प्रयत्न कसा वाया गेला तेही येईलच.

१. माणूस निवडा, धंदा नको

"मला तांबटांवर फिल्म करायचीये", "मला गोदाकाठच्या बुधवारच्या बाजारावर करायचीये", असं कोणी म्हटलं की मी विचारते, त्यातल्या कोणावर? तांबट आळीतला नेमका कोणता माणूस? विषय मोठा घेतला की माणूस दिसेनासा होतो.

निवडताना तीनच गोष्टी बघा. त्याच्या दिवसात डोळ्यांना दिसेल असं काही घडतं का (दिवसभर कॉम्प्युटरवर बसणाऱ्याची फिल्म होते, पण पहिल्याच फिल्मला तो त्रास कशाला). त्याच्याकडे माणसं येतात-जातात का, कारण मग बोलणं आपोआप मिळतं, तुम्हाला प्रश्न विचारावा लागत नाही. आणि तो तुम्हाला कमीत कमी तीन दिवस सहन करेल का. गिरणीत तिन्ही होतं. दिवसभर बायका डबे घेऊन येतात, कोणी "गव्हावर टाका हं, ज्वारीवर नको" म्हणतं, कोणी नागली (नाचणी) घेऊन येतं ती वेगळी ठेवावी लागते, कोणाला उपासाचं पीठ पाहिजे म्हणून आधी काय दळलं त्याची चौकशी, आणि गिरणीवाले काका प्रत्येकीला उत्तर देतात, तेही मोटरच्या वर आवाज चढवून.

*थांबा:* स्वतःचे आजोबा किंवा आई पहिल्या फिल्मला घेऊ नका. घरचा माणूस कॅमेऱ्याकडे नाही, तुमच्याकडे बघून बोलतो. "जेवलीस का" यातून बाहेर पडता पडता दिवस संपतो.

२. बिनकॅमेऱ्याचे दोन दिवस

ही पायरी सगळे गाळतात आणि सगळं इथंच बिघडतं. पहिल्या वेळी मीही गाळली होती. थेट कॅमेरा घेऊन गेले, काकांनी पीठ पिशवीत ओतलं, मला अँगल चुकल्यासारखा वाटला, म्हटलं काका परत एकदा ओता ना. त्यांनी ओतलं. त्या क्षणापासून ते काम करायचे थांबले आणि मला काम करून दाखवायला लागले. दुसऱ्या दिवशी इस्त्रीचा पांढरा शर्ट, केसांना तेल, आणि दर दोन मिनिटांनी "हे घेतलं का?" तो सगळा मटेरियल फेकून दिला.

तर दोन दिवस नुसतं जायचं. एक दिवस सकाळी उघडण्याच्या आधीपासून, एक दिवस दुपारपासून बंद होईपर्यंत. खिशात छोटी वही. फोन पण काढायचा नाही, एक फोटो सुद्धा नको. वहीत काय लिहायचं? माझ्या वहीतलंच पान देते, म्हणजे अंदाज येईल:

सकाळी शटर अर्धंच वर, आत वाकून जातात, आधी उदबत्ती मग दिवा मग मोटर. पहिलं दळण कोणाचंच नाही, मूठभर गहू टाकून दगड साफ करतात. अकरापर्यंत गर्दी. दुपारी मोटर बंद, शटर अर्धं खाली, गव्हाच्या पोत्याला टेकून वीसेक मिनिटं झोप. उन्हाची तिरीप तेव्हा बरोब्बर पोत्यावर येते. चारनंतर शाळेतून येणारी पोरं डबे न्यायला. डब्यावर नाव नाही, काका झाकणावरून ओळखतात. संध्याकाळी वजनकाट्याशेजारच्या डायरीत उधारी.

हे पान म्हणजे तुमची स्क्रिप्ट. यात रोज होणाऱ्या गोष्टींना टिक करा. जे रोज होतं ते पळत जाऊन पकडायचं नाही, आज हुकलं तर उद्या मिळतं, आणि हे एकदा डोक्यात बसलं ना की "परत करा ना" म्हणायची गरजच उरत नाही. जे एकदाच होणार असतं, समजा दगडाला टाकी लावायला (छिन्नीनं परत खडबडीत करायला) कारागीर येणार आहे, त्याची तारीख विचारून ठेवा आणि शूटिंगचे दिवस त्याभोवती लावा.

*तपासून बघा:* डोळे मिटून त्या माणसाचा दिवस क्रमानं सांगता येतोय का? मधे "मग काहीतरी करतात" असं आलं, तर अजून एक दिवस जा.

३. परवानगी, तीही कागदावर

तोंडी "हो हो घ्या की" पुरत नाही. एक पान मराठीत लिहा, वकिली भाषा नको: काय शूट करणार, कुठे दाखवणार, पैसे देणार की नाही, आणि एखादा भाग काढून टाका असं त्यांनी सांगितलं तर काढणार. सही घ्या, एक कॉपी त्यांना द्या. वाचता येत नसेल तर वाचून दाखवा, घरातलं कोणी शेजारी असेल तर उत्तम.

मग येणारी-जाणारी माणसं. मी गिरणीच्या दारावर कागद चिकटवला होता, "आज इथे व्हिडिओ शूटिंग चालू आहे, नको असेल तर सांगा", आणि दोघी-तिघींनी सांगितलं पण, त्या आल्या की मी कॅमेरा खाली केला. लहान मुलांचा चेहरा ओळखू येत असेल तर आईवडिलांची सही. उधारीच्या डायरीचा क्लोजअप कितीही भारी दिसला तरी नावं वाचता येतील असा घेऊ नका, गल्लीत भांडणं लागतील.

तुमचा माणूस घराबाहेर कुठे कुठे जातो तेही बघून ठेवा. रेल्वे स्टेशनवर शूटिंगला परवानगी लागते, बऱ्याच देवळांत आत कॅमेरा चालत नाही, आणि देवळाली कॅम्पचा लष्करी भाग किंवा नाशिकरोडची नोट प्रेस असल्या ठिकाणांच्या आसपास कॅमेरा बाहेरच काढू नका. ड्रोनला २०२१ चे ड्रोन नियम आहेत, सरकारच्या डिजिटल स्काय वेबसाइटवरचा नकाशा बघितल्याशिवाय उडवायचा नाही. आणि मुळात पिठाच्या गिरणीला ड्रोन हवाय कशाला!

४. सामान आणि सेटिंग

फोन चालतो. खरंच चालतो. पण फोन ऑटोवर सोडला की तो स्वतःच्या मनानं उजेड आणि फोकस बदलत बसतो, काका अंधारातून दाराकडे आले की अख्खी फ्रेम पांढरीफट्ट. त्यामुळे मॅन्युअल सेटिंग देणारं कॅमेरा ॲप टाका आणि एक्सपोजर (उजेड किती घ्यायचा), फोकस, व्हाइट बॅलन्स (रंगाची छटा) तिन्ही लॉक करायला शिका.

सेटिंग हे: सेकंदाला २५ फ्रेम, कॅमेऱ्याचा शटर स्पीड एक पन्नासांश सेकंद. कारण आपली वीज ५० हर्ट्झची, ट्यूबलाइट सेकंदाला १०० वेळा लुकलुकते, आणि फोन डीफॉल्टला ३० फ्रेम आणि एक साठांश शटरवर असला की पडद्यावर काळे पट्टे सरकत राहतात. ३० फ्रेमच पाहिजे असेल तर निदान शटर एक पन्नासांश किंवा एक शतांश ठेवा. स्वस्त एलईडी बल्ब याला पण जुमानत नाहीत, त्यामुळे बिनकॅमेऱ्याचे दिवस संपले की एक दिवस फक्त दहा मिनिटं टेस्ट शूट करा आणि घरी मोठ्या स्क्रीनवर बघा.

फोरके गरजेचं नाही, फुल एचडी पुरे. फोरके घेतलंच तर फोन आणि कोडेकप्रमाणे (व्हिडिओ दाबून साठवायची पद्धत) तासाला साधारण १० ते २० जीबी जागा जाते, तीन दिवसांचा हिशोब करून बघा. पॉवर बँक, जास्तीची केबल, लेन्स साफ करायला ब्लोअर. गिरणीत हे फार महत्त्वाचं, पीठ लेन्सवर बसतं आणि बोटानं पुसलं की चिकट थर होतो, मग प्रत्येक बल्बभोवती धुकं. आधी फुंकणी, मग कपडा.

*इशारा:* फोन एअरप्लेन मोडवर. माझ्या एका फार छान शॉटच्या मध्यात मावशीचा फोन आला आणि रेकॉर्डिंग बंद पडलं. मावशीला विचारायचं होतं की नागलीचे पापड कधी करायचे. आणि मी गिरणीत उभी!

५. आवाज: चित्रापेक्षा जास्त वेळ इथे द्या

हलणारं चित्र लोक चालवून घेतात, कळत नसलेलं बोलणं नाही. निवेदन नसलेल्या फिल्ममध्ये तर जे आहे ते सगळं आवाजातच आहे.

एक वायरलेस कॉलर माइक माणसाला लावा. शर्टाच्या आत लावला तर कापड घासतं, खसखस येते, म्हणून माइकच्या मागे-पुढे चिकटपट्टीची छोटी त्रिकोणी घडी करून तो कापडाला पक्का चिकटवा. वायरला गाठीसारखा एक सैल वेढा द्या, म्हणजे ओढ बसली तरी माइकला कळत नाही. सकाळी लावला की दुपारच्या जेवणापर्यंत विसरून जायचं, दर अर्ध्या तासानं कॉलरला हात लावलात तर तो माणूस दिवसभर माइक सांभाळत फिरतो. रेकॉर्डिंग ४८ किलोहर्ट्झला, आणि बोलणं मीटरवर साधारण उणे १२ डेसिबलच्या आसपास राहील असा लेव्हल. मोटर चालू करून लेव्हल ठरवा, शांततेत ठरवलीत तर मोटर सुरू झाल्याबरोबर आवाज फाटतो आणि फाटलेला आवाज एडिटमध्ये शिवता येत नाही.

मोटरच्या आवाजात काय बोलणं ऐकू येणार ही माझी भीती होती. पण दोन दिवस नुसतं बसल्यामुळे कळलं होतं की काका दळण बदलताना गिरणीचं धान्य ओतायचं वरचं तोंड बंद करतात, दगड जरा मोकळा फिरतो, आवाज खाली येतो, आणि त्या दहा-पंधरा सेकंदांत दोघं बोलून घेतात. वर्षानुवर्षाच्या सवयीनं बायकांना पण माहितीये कधी बोलायचं. मी तेवढ्याच खिडक्यांमध्ये क्लोज शॉट घेतले. हे टेबलवर बसून सुचलं नसतं.

याशिवाय माणूस नसलेले आवाज वेगळे घ्या. शटर, काट्याची खटखट, पिठाचा डबा ठोकून भरतात तो आवाज, गल्लीतला भाजीवाला. आणि रोज एकदा जागेचा रिकामा आवाज, कोणी बोलत नसताना, मिनिटभर. एडिटमध्ये दोन तुकडे जोडताना खालची पोकळी यानेच भरते. मोटर चालू असतानाचा एक मिनिट, बंद असतानाचा एक मिनिट, दोन्ही.

*इशारा:* दुकानात रेडिओ किंवा मोबाइलवर गाणी लागलेली असतील तर सकाळीच विनंती करून बंद करा. गाणं मागे असलं की कट करता येत नाही, कट केला की गाणं उडी मारतं, आणि यूट्यूबवर टाकलं की कॉपीराइट क्लेम येतो तो वेगळाच. दिवसभराच्या शूटिंगमध्ये माझी एवढी एकच ढवळाढवळ.

६. शूटिंगचे तीन दिवस, या क्रमाने

पहिला दिवस फेकायचाच आहे असं समजून जा. त्या दिवशी सगळे कॅमेऱ्याकडे बघतात, "टीव्हीवर कधी लागणार?" विचारतात, लांबच्या बायका मुद्दाम दळण घेऊन येतात. लांबून, एका जागी उभं राहून मोठे शॉट घ्या: गल्ली, दुकान, आतली मांडणी. दुपारपर्यंत लोकांचा इंटरेस्ट संपतो. तुम्हाला तेच पाहिजे.

दुसरा दिवस कामाचा. एका वेळी एकच क्रिया घ्या आणि ती पूर्ण घ्या. दळण येतं, वजन होतं, ओततात, पीठ पडतं, हात लावून बारीक-जाड बघतात, डबा भरतात, पैसे. एका दळणाला मोठा शॉट, पुढच्या दळणाला फक्त हात, त्यानंतरच्याला फक्त चेहरा, मग गिऱ्हाइकाचा चेहरा. दिवसाला कितीतरी दळणं होतात, त्यामुळे चार बाजूंनी तीच क्रिया मिळते आणि कोणालाही काही परत करायला सांगावं लागत नाही. फक्त एक भानगड असते, कपडे. तिन्ही दिवस तोच शर्ट घाला असं सांगणं म्हणजे परत नाटक, त्यामुळे एक क्रिया शक्यतो एकाच दिवसात संपवा.

प्रत्येक शॉट निदान दहा सेकंद हलवायचा नाही. मनात मोजा. आपल्याला वाटतं झालं, आणि नेमकं त्याच्यानंतर काहीतरी होतं. काकांनी डबा दिला, बाई गेली, मी कॅमेरा खाली करणार होते, तेवढ्यात त्यांनी हाताला लागलेलं पीठ झटकलं नाही, उंबऱ्याजवळ मुंग्यांच्या रांगेपाशी वाकून बोटांनी सोडलं. रोज करत असणार. दोन दिवस समोर बसून मला दिसलं नव्हतं.

झूम करू नका, पायांनी जवळ जा. पण गिरणीत पट्टा फिरत असतो, ओढणी, केबल, मोकळे केस आवरूनच. तुमचा माणूस तुमच्याशी बोलायला लागला तर तोंडावर गप्प बसून अपमान करू नका, कॅमेरा खाली करा, दोन मिनिटं गप्पा मारा, चहा आला तर प्या, मग परत कोपऱ्यात.

तिसरा दिवस भोकं बुजवायचा. आदल्या रात्री वही काढून काय राहिलं ते बघा. माझ्याकडे दुपारची झोप नव्हती. त्याबद्दल सकाळीच विचारलं होतं, "काका, तुम्ही झोपलेले शूट केलं तर चालेल का?" ते म्हणाले, घोरलो तर आवाज काढून टाक. (काढला नाही. नंतर दाखवला तेव्हा तेच सगळ्यात जास्त हसले.)

*तपासून बघा:* तीन दिवसांत पाच-सहा तासांचं रेकॉर्डिंग पुष्कळ झालं. पंधरा तास झालं असेल तर तुम्ही बघत नव्हता, घाबरून बटण दाबून ठेवलं होतं.

७. रोज रात्री, जेवणाआधी

फाइल लॅपटॉपवर, एक कॉपी बाहेरच्या हार्ड डिस्कवर, दोन्ही उघडून एकेक क्लिप चालवून बघायची, तोवर कार्ड किंवा फोन रिकामा करायचा नाही. दिवसाप्रमाणे फोल्डर. आणि वहीत चार ओळी, आज काय लक्षात राहिलं. बस.

८. एडिट

टाइमलाइन (एडिटिंग सॉफ्टवेअरमधली क्लिपा जोडायची पट्टी) लगेच उघडू नका. आधी सगळं मटेरियल एकदा सलग बघा आणि कागदाच्या चिठ्ठ्या करा, एका चिठ्ठीवर एक घटना: "मुंग्या", "गव्हावर गहू", "झोप", "झाकणावरून डबा ओळखला". चिठ्ठ्या जमिनीवर मांडा, क्रम लावा. सकाळ ते रात्र हा क्रम फुकट मिळतोय तो घ्या, पण त्यात एखादी छोटी गोष्ट सुरू होऊन नंतर परत यायला पाहिजे, नाहीतर ती नुसती यादी होते. माझ्याकडे एक डबा होता. सकाळीच दळून झालेला, कोणी न्यायला येईना. दिवसभर तो मागे फळीवर दिसत राहतो, काका दोनदा बघतात, आणि रात्री शटर खाली करताना तो बगलेत मारून निघतात, स्वतः पोचवायला. मी तो डबा ठरवून शूट केला नव्हता, मटेरियल बघतानाच दिसला. म्हणून सलग बघा म्हणते.

फ्री एडिटिंगला डाव्हिन्ची रिझॉल्व्ह पुरतं. फोनची फाइल बऱ्याचदा बदलत्या फ्रेमरेटची असते, त्यामुळे वेगळ्या माइकचा आवाज हळूहळू मागेपुढे होतो. एडिटच्या आधी हँडब्रेक नावाच्या सॉफ्टवेअरमध्ये फाइल कायम २५ फ्रेमची करून घ्या. आवाज जुळवायला प्रत्येक रेकॉर्डिंगच्या सुरुवातीला एक टाळी, बाहेर गल्लीत वाजवा, माणसाच्या तोंडासमोर नको.

लोक हमखास करतात त्या चुका: संगीत टाकणं (मोटर बंद झाल्यावरची शांतता माझ्या फिल्ममधली सगळ्यात भारी जागा आहे, तिथे बासरी घातली असती तर मेलीच असती), सुरुवातीला "ही कहाणी आहे एका..." अशी पाटी, स्लो मोशन, आणि आवडलेला पण कुठेच न बसणारा शॉट हट्टानं ठेवणं. पहिला कट बारा मिनिटांचा होईल. हरकत नाही, दोन दिवस बाजूला ठेवा, मग माणूस काय करतोय हे कळून झाल्यावरही चालू असलेला प्रत्येक शॉट छाटा. पाच ते सात मिनिटांवर येतो.

सबटायटल देणार असाल तर मराठीत आधी शब्दशः लिहून काढा, गल्लीतलं बोलणं तसंच. "दळान झालं का" याचं "दळण झाले आहे का" करू नका.

९. आधी त्यालाच दाखवा

अपलोड करायच्या आधी, आणि त्याच्या जागेवर जाऊन. लिंक पाठवून "बघा हं काका" नाही. शेजारी बसा. काही काढा म्हणाले तर त्याच दिवशी काढा. काकांनी एकच जागा सांगितली, एका गिऱ्हाइकाबद्दल मागे बोललेलं वाक्य, ते गेलं.

शेवटची टेस्ट तंत्राची. फिल्म लॅपटॉपला हेडफोन लावून छान ऐकू येते, पण बघणारे फोनच्या स्पीकरवर बघणार. मी काकांच्या मुलीच्या फोनवर लावली, गिरणीत, मोटर चालू असताना. पहिल्या दोन मिनिटांतलं बोलणं अजिबात कळलं नाही. घरी येऊन बोलण्याचा आवाज वर, मोटर खाली केली, दुसऱ्या दिवशी परत गेले. तेव्हा काकांनी वरचं तोंड बंद केलं, दगड मोकळा फिरू दिला आणि म्हणाले, आता लाव.